मागची सीट

आमच्या वऱ्हाडात मुलगी द्यायची म्हटली की मुलाला फारसं कुणी काही विचारत नाही. मुलाच्या आजूबाजूला विचारतात. बैठकीत पोहे होतात, चहा होतो, पगार-पाणी, शेती किती, बहिणी किती, सगळं बोलून होतं. पण ते वरवरचं. खरा निकाल लागतो पानठेल्यावर, कटिंगच्या दुकानात, घरमालकाच्या ओट्यावर. मुलीचा मामा नाहीतर काका एखाद्या दुपारी न सांगता येतो, गिऱ्हाईक असल्यासारखा उभा राहतो आणि सहज आठवल्यासारखं विचारतो, "ते वरच्या खोलीत पोरगं राहते, ते कसं आहे जी?" याला चौकशी म्हणतात. ज्याच्याबद्दल विचारतात त्याला सोडून सगळ्यांना तिथे बोलता येतं. मला या रिवाजाचा राग आहे, आणि तो राग मी कमी होऊ दिलेला नाही.

मी तेव्हा अमरावतीत एका क्लासमध्ये स्पर्धा परीक्षेच्या पोरांना अंकगणित शिकवत होतो. आधी स्वतः परीक्षा देत होतो. वय निघून गेलं, परीक्षा काही निघाली नाही, तेव्हा क्लासवाल्यानं विचारलं, शिकवतोस का? जी गाडी आपली चुकली तिच्यात दुसऱ्यांना बसवून द्यायचं, असलं ते काम. घरी शेती होती, बाप होता, आणि "अमरावतीले सर आहे" एवढं सांगण्यापुरता मी होतो.

माझी खोली गल्लीच्या तोंडाशी वरच्या मजल्यावर होती. खाली दुकान होतं ते त्याचं, पुढे जो माझा दोस्त झाला त्याचं. दुचाकीच्या सीटा शिवायचं. रेग्झिनचे गुंडाळे, फोमचे तुकडे, एक जुनं शिलाई मशीन, आणि दाराशी एक लाकडी स्टूल. उन्हाळ्यात माझ्या खोलीत माणूस शिजून निघायचा, म्हणून मी दुपारी खाली त्या स्टुलावर येऊन बसायला लागलो. पहिले काही दिवस तो नुसता बघायचा. मग एकदा म्हणाला, "सर, बसून राहता त बोला तरी काही." तिथून सुरू झालं ते थांबलंच नाही. सर गेलं, लेका आलं. गिऱ्हाइकं त्या स्टुलाला माझं नाव घेऊन ओळखायला लागली.

तो मुसलमान, मी शेतकऱ्याच्या घरचा हिंदू. हे आता सांगावं लागतं आहे. तेव्हा आम्हा दोघांत हा विषय फक्त जेवणापुरता होता. म्हणजे त्याच्या घरचा डबा आला की मी त्यातला अर्धा खायचो, आणि गावाहून माझ्या आईनं ठेचा पाठवला की तो सगळा तो खायचा. त्याच्या अम्मीनं मला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा "बहोत दुबला है रे" एवढंच म्हणाली, आणि त्यानंतर दर ईदला शिरखुर्म्याचा पहिला कटोरा मला यायला लागला. त्याच्या बहिणीच्या लग्नात मी पंगतीत वाढायला उभा होतो. सकाळपासून उभा होतो आणि दुसऱ्या दिवशी पाय सुजले म्हणून त्यानंच माझी टर उडवली होती.

त्याचं एक प्रेम आधीच मोडलं होतं. बडनेऱ्याची मुलगी होती, नात्यातली. तिच्या घरच्यांना नोकरीवाला पाहिजे होता, सीटा शिवणारा नको होता. तो ते हसून सांगायचा, पण बडनेऱ्याला जायचं नाव काढलं की म्हणायचा, "तू जा, मले काम आहे." एवढ्यावरूनच मला कळायचं. आणि माझं सुरू झालं तेव्हा मात्र तो माझ्यापेक्षा जास्त कामाला लागला.

ती अकोल्याची. अमरावतीत मुलींच्या होस्टेलवर राहून अभ्यास करायची, आमच्याच क्लासच्या अभ्यासिकेत बसायची. माझी विद्यार्थिनी नव्हती, हे मी तेव्हाही सगळ्यांना आवर्जून सांगायचो. तिच्या वडिलांचा अकोल्यात धान्याचा व्यापार. जात आमचीच. म्हणजे जी भिंत आडवी येते ती आमच्यात नव्हतीच, असं आम्ही खुशाल समजत होतो. दर शनिवारी ती घरी जायची आणि मी तिला मोटरसायकलवर बडनेऱ्याच्या स्टेशनला सोडायचो. माझी गाडी जुनी, मागची सीट दबून लोखंडाला टेकलेली. तिनं एकदा त्याच्यासमोर नुसतं म्हटलं, "दादा, यांच्या गाडीवर बसलं की कंबर मोडते." त्यानं त्याच दिवशी गाडी ठेवून घेतली. दुसऱ्या दिवशी पाहतो तर मागच्या सीटला दुप्पट फोम, वर नवं काळं रेग्झिन, आणि मागच्या कोपऱ्यात दुहेरी शिलाई.

"कोपऱ्यात दोनदा कावून मारली?" मी विचारलं.

"तिथूनच फाटते ते. आन् तुया काय भरवसा, जलमभर हेच गाडी चालवशील तू."

पुढची, माझी सीट तशीच होती. म्हणाला, तुले काय करायची मऊ सीट.

दोन वर्षं असं चाललं. मग तिनं घरी सांगितलं. तिच्या घरी काय झालं ते तिनं मला कधी पूर्ण सांगितलं नाही. आईशी बोलणं बंद, वडिलांनी जेवणावर राग काढला, मोठ्या भावानं मोबाइल घेतला, एवढे तुकडे मला माहीत आहेत. ती हटली नाही. शेवटी वडील इतकंच म्हणाले की पोराची चौकशी करू, मग पाहू. आमच्यासाठी ते होकारासारखंच होतं. मला निर्व्यसनीपणाचा फार अभिमान होता, आणि चौकशीत दुसरं काय विचारतात, दारू पितो का, जुगार खेळतो का, आधी कुठे काही भानगड आहे का. मला भीती कशाची?

तरी आम्ही गल्ली तयार केली. आम्ही म्हणजे त्यानं. चहावाल्याला सांगून ठेवलं, कटिंगवाल्याला सांगून ठेवलं, घरमालकाच्या बायकोला जाऊन गोड बोलून आला. पानठेलेवाल्याला म्हणाला, "हा तुया ठेल्यावर कधी आलाच नाही, समजलं?" खरं म्हणजे मी कधी गेलोच नव्हतो. आम्ही सगळ्यांना तयार केलं. एक त्यालाच कुणी काही सांगितलं नाही. त्याला काय सांगायचं होतं?

एका दुपारी मी क्लासवर असताना ते आले. संध्याकाळी मी परतलो तर हा दुकानाबाहेर उभा राहून माझी वाट पाहत होता. मला स्टुलावर बसवलं, स्वतः मशीनवर हात टेकून उभा राहिला आणि एखाद्या लग्नाचं वर्णन करावं तसं सांगायला लागला.

"दोघं होते. एक मामा असंन, मिश्यावाला. गाडीची सीट दाखवते मले, म्हणे मिस्त्री, हे शिवून द्या. सीट कुठीच फाटली नाही! मी तवाच समजलो. म्हटलं आले पाहुणे."

"मग?"

"मंग काय, बसवलं. मामा मोबाइल पाहून राहिला, बोलते हळूच, वरचे सर कसे आहेत म्हणून. म्हटलं भाऊ, तुमी बरोबर जागी आले. माया भाऊच समजा त्याले. आमच्या घरचाच आहे. माया अम्मीच्या हातचं खाते, ईदले पहिला कटोरा त्याचा. बहिणीच्या लग्नात सख्खा भाऊ उभा राहत नाही तसा उभा होता हा. दारू नाही, खर्रा नाही, पोरीकडं मान वर करून पाहत नाही. असा जवाई तुमाले अकोल्यात भेटनार नाही." तो दम घ्यायला थांबला. "ऐकतच राहिले लेका दोघं. एक शब्द बोलले नाही. पक्कं समज तू."

मी विचारलं, "चहा घेतला का त्यांनी?"

"नाही ना. आत्ताच घेतला म्हणे."

त्यांनी चहा नाकारला हे मला तेव्हाच खटकलं. पण तो इतका खूश होता, की मी पण हसलो. त्यानं त्या दिवशी दुकान लवकर बंद केलं आणि मला कचोरी खाऊ घातली. त्यानं माझ्याबद्दल असं सांगितलं होतं की याहून चांगली साक्ष मला सख्ख्या भावानंही दिली नसती. ती कचोरी मला अजून आठवते आणि अजून कडूच लागते.

मग अकोल्याकडून काही आलं नाही. फोन नाही, निरोप नाही. काही दिवसांनी तिनं मैत्रिणीच्या मोबाइलवरून बोलावलं. मी अकोल्याला गेलो. स्टेशनजवळच्या एका हॉटेलात आम्ही बसलो. तिनं ओढणी डोक्यावरून घेतली होती, कुणी ओळखू नये म्हणून, आणि समोरचा चहा तिनं शेवटपर्यंत उचलला नाही.

"मामा म्हणाले पोरगा चांगला आहे," ती म्हणाली. "व्यसन नाही, काही नाही. पण त्याची बैठक पहा म्हणे कोणात आहे."

मला कळायला थोडा वेळ लागला, आणि कळलं तेव्हा मी मूर्खासारखा हसलो. ती हसली नाही. वडील पूर्ण नाही म्हणाले नव्हते. त्यांनी एक वाट ठेवली होती. मी घरी यायचं, मामा, काका, वडील सगळ्यांसमोर बसायचं आणि सांगायचं, की तो खालचा दुकानदार उगाच वाढवून बोलतो, माझा त्याच्याशी काही संबंध नाही, मी त्याला ओळखत नाही. आणि खोली बदलायची. एवढंच.

"एवढंच?" मी म्हटलं.

"एक वाक्य आहे रे. बोलून दे ना. लग्न झाल्यावर तुझं तू पाहा, रोज जाऊन बस त्याच्याकडे. मी अडवेन का?"

"त्यानं तुझ्यासाठी सीट शिवली."

मला तेवढंच सुचलं. ती रडायला लागली, आणि रडता रडता चिडली. "मी घरात दोन महिने कोणाशी बोलले नाही तुझ्यासाठी. आईच्या पाया पडले. भावाच्या पाया पडले. आणि तुले एक वाक्य जड जाते? तुले मी पाहिजे की तो?"

ती चुकत होती असं मी आजही म्हणू शकत नाही. तिनं जे सोसलं त्याच्यापुढे ते वाक्य खरंच लहान होतं. आणि मी काही कुठल्या तत्त्वाचा माणूस नाही. मोर्चात गेलो नाही, भाषण केलं नाही, भाषणं ऐकून मला झोपच येते. मला फक्त राग आला होता. त्या मिशाळ मामाचा, ज्यानं त्याच्या दुकानात बसून त्याला मिस्त्री मिस्त्री म्हणून बोलतं केलं आणि त्याचा चहासुद्धा घेतला नाही. माझ्या तोंडून ते वाक्य त्या माणसासमोर निघणं शक्य नव्हतं. मी तिला नाही म्हटलं. ती उठली, चहाच्या कपावर बशी झाकून ठेवली, का ठेवली कुणास ठाऊक, आणि गेली. मी तिच्या मागे गेलो नाही. तो राग बडनेऱ्यापर्यंत टिकला. तिथे रेल्वेतून उतरून स्टेशनवर लावलेल्या मोटरसायकलला किक मारली, मागची सीट रिकामी दिसली, आणि मग रडू आलं.

त्याला मी सांगितलं की पत्रिका जुळली नाही. तो पत्रिकेला, ब्राह्मणाला, ग्रहांना सगळ्यांना शिव्या देऊन मोकळा झाला. म्हणाला, दुसऱ्या ब्राह्मणाकडून करून आणू, पत्रिका काय, आपण शिवून देऊ पाहिजे तशी. मी हो हो म्हणत राहिलो. पुढच्या उन्हाळ्याआधी तिचं लग्न झालं, नागपूरकडे कुठेतरी. त्या दिवशी त्यानं मला एकटं सोडलं नाही. दिवसभर दुकानात बसवून ठेवलं आणि एकदाही तिचं नाव काढलं नाही.

पण गल्लीत गोष्ट राहते का झाकून? मामा त्याच्या दुकानातून निघून चहावाल्याकडे गेला होता. तिथे त्यानं चहा घेतला. आणि विचारलं, "हे सर त्या मुसलमानाकडं रोजच बसते का?" चहावाल्यानं बरेच दिवस पोटात ठेवलं आणि मग एकदा सांगून टाकलं.

मी दुपारी खाली उतरलो तर दाराशी स्टूल नव्हतं. तिथे रेग्झिनचे गुंडाळे रचलेले होते.

"स्टूल कुठी गेलं?"

तो मशीनवरून उठला नाही. "पत्रिका जुळली नाही म्हणे ना?"

मी रेग्झिनचा एक गुंडाळा सरकवून उभं राहायला जागा केली.

"कावून नाही सांगितलं मले?"

"काय सांगू?"

"हे सांगू, की मी बोललो म्हनून मोडलं. मी अथी उभा राहून तुये गुण गाऊन राहिलो, अन् ते तिकडं..." त्यानं मशीन थांबवलं. "आन् चहावाला म्हणे तुले वाट देल्ली होती त्याहीनं. खरं आहे?"

हे चहावाल्याला कुठून कळलं, मला माहीत नाही. क्लासमध्ये अकोल्याची पोरं होती, त्यांच्याकडून असेल. मी म्हटलं, "हाव. तुले ओळखत नाही म्हणून सांगायचं होतं."

"मंग सांगून द्यायचं! पागल आहे का तू? एक वाक्य होतं. मले काय फरक पडते?"

"मले पडते."

त्याला हे ऐकून बरं वाटेल, अशी माझी समजूत होती. खोटं कशाला बोलू, मी त्या क्षणाची वाट पाहत होतो, की कधीतरी हे त्याला कळेल आणि तो खांद्यावर हात ठेवेल. तो उभा राहिला. त्याचा चेहरा मी कधी पाहिला नव्हता असा झाला होता.

"तुले पडते! आन् मले? आता जलमभर मी तुयी बायको नाही पाहणार, हे पाहणार की ते अकोल्याची मायामुळं नाही आली. तू बसशीन अथी, हसशीन, अन् मी मनात तेच घोकत राहीन. मी सांगतलं होतं तुले, माया नावानं हे वझं ठेव म्हणून? तुयी दोस्ती तू पाळली, भोगायचं मी?"

मी चिडून काहीबाही बोललो. तो पण बोलला. ते सगळं लिहिण्यासारखं नाही. आमच्यात धर्माचं कधीच काही निघालं नव्हतं. त्या दिवशीही निघालं नाही. निघालं असतं तर बरं झालं असतं, निदान भांडायला धड काहीतरी मिळालं असतं. स्टूल परत आलं नाही. मी जाऊन उभा राहायचो, दोन शब्द व्हायचे, मग गिऱ्हाईक यायचं आणि तो कामाला लागायचा. नसलं गिऱ्हाईक तरी लागायचा.

नंतर माझ्या बापानं दुसऱ्या सोयरिकी आणायला सुरुवात केली. माझं वय वाढत होतं आणि माझ्यात नाही म्हणायचं बळ उरलं नव्हतं. दर्यापूरकडच्या एका घरून होकार दिसायला लागला तेव्हा ते चौकशीला कधी येणार हे गल्लीला आधी कळलं आणि मला नंतर. ते आले त्या दिवशी मी क्लासहून परतलो तर खालचं शटर बंद. दुसऱ्या दिवशी उघडं. मी विचारलं, काल बंद कावून होतं? तो म्हणाला, "तब्येत बरी नव्हती." डोळे मशीनवर. चहावाला माझ्याकडे बघून हसला. त्याचं हसणं वाईट नव्हतं, पण मला त्याच्या तोंडावर गरम चहा फेकावा वाटला.

सोयरीक जुळली. माझ्याबद्दल सगळं चांगलं कळलं म्हणे पाहुण्यांना. लग्नात तो आला नाही. अम्मी येऊन गेली, हॉलच्या दारातूनच, बायकोच्या हातात काचेच्या बांगड्या देऊन. बायकोनं विचारलं कोण होत्या, तर माझा बाप मध्येच म्हणाला, गल्लीतल्या कुणी असतील. मी खोली सोडली होती, घर अमरावतीतच दुसऱ्या टोकाला घेतलं होतं. बायको चांगली आहे. हे मी उपकार केल्यासारखं म्हणत नाही, ती खरंच चांगली आहे, मोकळी आहे, माझ्या कडूपणाला भीत नाही. माझ्या जुन्या मोटरसायकलवर मागे बसते आणि म्हणते, गाडी भंगार आहे पण सीट मस्त आहे. तिला मी हे काही सांगितलेलं नव्हतं. सांगायला बसलो की अकोल्याची ती आधी यायची, मग तो यायचा, आणि मी विषय बदलायचो.

गेल्या महिन्यात बायकोच्या दुचाकीची सीट फाटली. ती बाजारात गेली ती सीट नवी करूनच आली. घरात शिरता शिरता सांगायला लागली, की तुमी लग्नाआधी ज्या गल्लीत राहत होते ना, तिथंच एक जण शिवते, कोणीतरी त्याचंच नाव सांगितलं, काम पाहा किती सुंदर केलं.

"मी म्हटलं त्याले, आमचे हे अथीच वर राहत होते, क्लासवर सर आहेत, तुमी ओळखतच असान."

मी पाण्याचा ग्लास खाली ठेवला. "मग?"

"नाही म्हणे बा. मी नाही ओळखत. लय सर राहून गेले वर, म्हणे." ती पर्स टेबलावर टाकत म्हणाली. "पण स्वभावानं चांगला वाटला. चहा पाजला मले."

मी खाली गेलो. तिची गाडी जिन्याशी उभी होती. सीटवर हात फिरवला. फोम दुप्पट होता. मागच्या कोपऱ्यात दुहेरी शिलाई होती.

ती वरून गॅलरीतून वाकून पाहत होती. "तुमी ओळखता का त्याले?"

"ओळखतो," मी म्हटलं.

"मंग तो नाही काहून म्हणे?"

मी मान वर केली नाही. अकोल्याच्या त्या हॉटेलात हेच एक वाक्य माझ्याकडून मागितलं होतं. मी ते बोललो नाही, म्हणून त्याला बोलावं लागलं, आणि तेही माझ्या बायकोसमोर, तिला चहा पाजून.